सुपर मारिओ ब्रदर्समधील फ्रेम रूल: अर्थ, गणित आणि वापर

‘सुपर मारिओ ब्रदर्स’चा स्पीडरन, म्हणजे खेळ शक्य तितक्या लवकर संपवण्याचा प्रयत्न, पाहताना नवख्या प्रेक्षकाला एक गोष्ट हमखास खटकते. खेळाडू लेव्हल १-१ मध्ये एखाद्या पाइपापाशी क्षणभर अडखळतो, तरी स्क्रीनच्या कडेला चालणाऱ्या टायमरवर त्याचा वेळ विक्रमाशी तंतोतंत बरोबरीत दिसतो. आणि पुढे ४-१ मध्ये, जिथे डोळ्यांना एकही चूक जाणवत नाही, तिथे एकदम ०.३५ सेकंद वाया गेल्याची लाल अक्षरे झळकतात. समालोचक यावर एवढेच म्हणतो, की ‘एक फ्रेम रूल गेला.’ या दोन शब्दांचा नेमका अर्थ काय, तो नियम खेळात आला कुठून, आणि स्वतः सराव करणाऱ्याने त्याचा उपयोग कसा करून घ्यावा, हे या लेखात क्रमाने मांडले आहे.

व्याख्या थोडक्यात अशी: या खेळात एक लेव्हल संपवून पुढची सुरू होण्याचा क्षण वाटेल त्या फ्रेमला (फ्रेम म्हणजे पडद्यावर उमटणारे एक चित्र) येऊ शकत नाही. दर २१ फ्रेमांनी एक ठरावीक क्षण येतो आणि पुढची लेव्हल त्या क्षणांपैकीच एखाद्याला सुरू होते. या २१ फ्रेमांच्या टप्प्याला फ्रेम रूल म्हणतात. अमेरिकेत आणि जपानमध्ये विकले गेलेले निन्टेंडोचे मूळ यंत्र सेकंदाला ६०.०९८८ फ्रेम दाखवते. म्हणजे एक फ्रेम सुमारे ०.०१६६ सेकंदाची, आणि २१ फ्रेम ०.३४९ सेकंदाच्या. बोलताना सगळे याला ०.३५ म्हणतात आणि स्प्लिट, म्हणजे टायमरवर प्रत्येक लेव्हलअखेर नोंदलेला वेळ, वाचताना तेवढे पुरतेही.

हा नियम समजावण्यासाठी जगभरातले खेळाडू बसचे उदाहरण देतात. स्थानकातून दर २१ फ्रेमला एक बस सुटते; तुम्ही बस सुटण्याच्या वीस फ्रेम आधी पोहोचा की एक फ्रेम आधी, बस सुटणार ती आपल्या वेळेलाच. मात्र एक फ्रेम उशीर झाला, तर पुढच्या बसपर्यंत ताटकळत राहावे लागते. उदाहरण इतके चपखल आहे की बहुतेक मार्गदर्शक तिथेच थांबतात. पण सरावाला त्याचा उपयोग करायचा असेल, तर ही बस खेळाच्या पोटात नेमकी कुठे आहे हे पाहावेच लागते.

यंत्राच्या आत काय घडते

हा खेळ जपानमध्ये १३ सप्टेंबर १९८५ रोजी आला. त्या यंत्राचा प्रोसेसर ८ बिटांचा होता आणि कामासाठीची मेमरी (रॅम) होती अवघी २ किलोबाइट. अशा मेमरीतील एका बाइटमध्ये ० ते २५५ एवढाच आकडा मावतो. टायमर म्हणून एक बाइट वापरला आणि तो प्रत्येक फ्रेमला एकाने कमी केला, तर तो जास्तीत जास्त सव्वाचार सेकंद चालेल. उडी, पोहण्याचा फटका यांसारख्या झटपट गोष्टींना तेवढा काळ पुरेसा असतो. परंतु तारा खाल्ल्यावर मारिओ जो अजिंक्य होतो, तो सुमारे बारा सेकंद तसा राहायला हवा. तेवढा काळ म्हणजे ७३५ फ्रेम, आणि ७३५ हा आकडा एका बाइटमध्ये बसत नाही.

म्हणून खेळ लिहिणाऱ्यांनी टायमरांचे दोन गट केले. पहिल्या गटातले टायमर प्रत्येक फ्रेमला एकाने कमी होतात. दुसऱ्या गटासाठी एक वेगळा मोजक ठेवलेला आहे, जो २० पासून ० पर्यंत उलटा मोजत येतो, शून्याच्या खाली गेला की पुन्हा २० होतो, आणि फक्त त्याच फ्रेमला दुसऱ्या गटातले सगळे टायमर एकेका अंकाने उतरवतो. वीसपासून शून्यापर्यंत आकडे होतात एकवीस; नियमातला २१ हा आकडा तिथून आला आहे. ताऱ्याच्या टायमरमध्ये सुरुवातीला ३५ भरले जातात आणि ३५ गुणिले २१ केले की बरोबर ७३५ होतात. दोन बाइट खर्ची न घालता लांब पल्ल्याचा टायमर मिळवण्याची ही काटकसरीची युक्ती आहे, आणि १९८५ च्या हिशोबाने ती अतिशय सुज्ञ होती. एखाद्या दिवशी जगभरातले लोक या खेळात एकेका फ्रेमसाठी झगडतील, याचा विचार तेव्हा कोणी करण्याचे कारणच नव्हते.

स्पीडरनच्या दृष्टीने महत्त्वाचे हे, की दोन लेव्हलांच्या मधली प्रतीक्षा याच दुसऱ्या गटातल्या टायमरांवर चालते. लेव्हल सुरू होण्याआधी काळ्या पडद्यावर ‘वर्ल्ड १-२’ आणि उरलेल्या जिवांची संख्या दिसते. त्या पडद्याच्या टायमरमध्ये ७ भरलेले असतात. झेंड्याने संपणाऱ्या लेव्हलांमध्ये, किल्ल्यावर छोटा झेंडा चढल्यानंतर जो विराम येतो, तोही असाच मोजला जातो. आता १-२ मधून वॉर्प झोनच्या, म्हणजे मधल्या लेव्हल गाळून थेट पुढच्या वर्ल्डमध्ये नेणाऱ्या, पाइपात शिरलेल्या मारिओचा विचार करा. काळा पडदा आला, टायमरमध्ये ७ भरले गेले. त्या क्षणी मोजक ० वर असेल, तर पुढच्याच फ्रेमला ७ चे ६ होतील आणि सगळी प्रतीक्षा १२७ फ्रेमांत आटपेल. मोजक नुकताच २० वर आलेला असेल, तर पहिला अंक उतरायलाच २१ फ्रेम लागतील आणि प्रतीक्षा १४७ फ्रेमांची होईल. जो खेळाडू वीस फ्रेम लवकर पोहोचतो, तो काळ्या पडद्यापुढे वीस फ्रेम जास्त थांबतो. वाचवलेला वेळ परस्पर खर्च होतो, तो असा.

यावरून एक उपनियम निघतो आणि तो पक्का ध्यानात ठेवावा: शिल्लक पुढे नेता येत नाही. १-१ मध्ये पंधरा फ्रेम आणि १-२ मध्ये सहा फ्रेम वाचवून त्यांची बेरीज एकवीस करता येत नाही, कारण प्रत्येक लेव्हलच्या आरंभी मोजक त्याच ठरावीक जागी असतो आणि आधीची पुंजी पुसलेली असते. नवे खेळाडू सर्वांत जास्त गफलत इथेच करतात.

कोणत्या लेव्हलला नियम लागू होतो

सर्वांत लोकप्रिय प्रकारात, म्हणजे कितीही भाग गाळून खेळ लवकरात लवकर संपवण्याच्या एनी पर्सेंटमध्ये, फक्त आठ लेव्हल खेळल्या जातात: १-१, १-२, ४-१, ४-२, ८-१, ८-२, ८-३ आणि ८-४. यांपैकी १-२ आणि ४-२ वॉर्प पाइपाने संपतात, पाच लेव्हल झेंड्याने संपतात, आणि या सातही लेव्हल फ्रेम रूलने बांधलेल्या आहेत. ८-४ तेवढी मोकळी आहे. तिथे मारिओने पुलाच्या टोकाची कुऱ्हाड स्पर्शली की त्याच फ्रेमला घड्याळ थांबवतात, त्यामुळे पुढच्या प्रतीक्षेचा प्रश्नच उरत नाही. बारकाईने पाहिले, तर ही सूट खेळाने दिलेली नसून वेळ मोजण्याच्या संकेताने दिलेली आहे. घड्याळ कुऱ्हाडीऐवजी आणखी पुढे थांबवायचे ठरले असते, तर ८-४ लाही हाच जाच झाला असता.

झेंड्याच्या लेव्हलांमध्ये आणखी दोन गोष्टी हिशोबात धराव्या लागतात. पहिली गोष्ट खेळातल्या घड्याळाची. लेव्हलनुसार ४०० किंवा ३०० पासून उतरणाऱ्या या घड्याळाचा एक अंक २४ फ्रेमांचा असतो, आणि लेव्हल संपल्यावर उरलेले अंक गुणांत बदलले जातात तेव्हा प्रत्येक अंकाला एक फ्रेम लागते. म्हणजे तुम्ही २४ फ्रेम लवकर आलात, तर एक अंक जास्त उरतो आणि तो मोजायला एक फ्रेम जास्त जाते. काठावरच्या हिशोबात ही एक फ्रेमही कधी कधी नडते. दुसरी गोष्ट फटाक्यांची. झेंडा स्पर्शताना घड्याळाचा शेवटचा अंक १, ३ किंवा ६ असेल, तर किल्ल्यावर तितके फटाके उडतात आणि त्यांच्यापायी गेलेला वेळ फ्रेम रूलपेक्षा बराच मोठा असतो. तेव्हा शेवटच्या अंकावर नजर ठेवावी. क्वचित फटाके चुकवण्यासाठी मुद्दाम एक अंक थांबणेही स्वस्तात पडते.

शब्द कसा वापरतात

खेळाडूंच्या बोलण्यात फ्रेम रूल हा नियमापेक्षा वेळेचे माप म्हणून जास्त येतो. ‘४-१ मध्ये दोन फ्रेम रूल गेले’ म्हणजे ०.७० सेकंदांचे नुकसान झाले. ‘८-२ च्या शेवटी विक्रमापेक्षा एक फ्रेम रूल पुढे आहे’ म्हणजे त्या क्षणी ०.३५ सेकंदांची आघाडी आहे. ‘फ्रेम रूल हुकला’ हे बहुधा थोडक्यात हुकल्यावर म्हणतात, आणि ‘फ्रेम रूल वाचवला’ हे एखादी नवी युक्ती साधून लेव्हल आधीच्या टप्प्यात बसवली तरच. नुसते दहा फ्रेम लवकर पोहोचणाऱ्याने काही वाचवले असे या खेळात कोणी म्हणत नाही.

तीन शब्दांशी याची गल्लत होते. ‘फ्रेम परफेक्ट’ म्हणजे नेमक्या एकाच फ्रेमला बटण दाबले तरच साधणारी कृती; तिचा २१ शी काही संबंध नाही. ‘फ्रेम विंडो’ म्हणजे एखादी कृती जितक्या सलग फ्रेमांत साधू शकते तितकी मुदत. आणि ‘सबपिक्सेल’ हे अंतराचे माप आहे: या खेळात मारिओची आडवी जागा पिक्सेलच्या सोळाव्या भागापर्यंत नोंदलेली असते. अर्थात ही सगळी मापे एकमेकांत गुंतलेलीच आहेत. पूर्ण वेगात धावणारा मारिओ एका फ्रेमला अडीच पिक्सेल पुढे सरकतो, म्हणून एका फ्रेम रूलमध्ये तो साडेबावन्न पिक्सेल जातो, म्हणजे साधारण सव्वातीन विटा. लेव्हलच्या टोकाशी दोन खेळाडूंमध्ये तीन विटांचे अंतर दिसले, तरी पुढच्या लेव्हलच्या आरंभी ते बरोबरीत असू शकतात, ते यामुळे.

स्वतःच्या सरावात वापर

आरंभ स्प्लिट नीट लावण्यापासून करावा. लाइव्हस्प्लिटसारखा टायमर वापरत असाल, तर प्रत्येक लेव्हलचा स्प्लिट एकाच ठरलेल्या खुणेला दाबावा. पुढच्या लेव्हलचा काळा पडदा जाऊन चित्र उमटते तो क्षण त्यासाठी उत्तम, कारण तोवर फ्रेम रूलने आपले काम उरकलेले असते. असे स्प्लिट जमले की सात लेव्हलांमधले फरक ०, ०.३५, ०.७०, १.०५ अशा आकड्यांच्या आसपासच पडू लागतील. मधलाच एखादा आकडा, उदाहरणार्थ ०.१२, दिसला, तर ती तुमच्या बोटाची हयगय समजावी आणि त्यावरून आनंद किंवा दुःख करू नये. झेंडा हाती लागताच स्प्लिट दाबणारे पुष्कळ जण महिनोन्महिने खोट्या आघाडीच्या मागे धावतात. त्यांच्या टायमरवर हिरवे आकडे दिसत राहतात आणि एकूण वेळ मात्र जागचा हलत नाही.

त्यानंतर प्रत्येक लेव्हलमध्ये आपल्याला किती सवड आहे हे मोजावे. यासाठी फ्रेम एकेक करून पुढे नेता येतील आणि मेमरीतले आकडे पाहता येतील असा इम्युलेटर, म्हणजे संगणकावर जुन्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्राम, लागतो. एफसीईयूएक्स आणि मेसेन या दोन्हींत ही सोय आहे. वर सांगितलेला २० ते ० मोजणारा मोजक मेमरीत ०७७एफ या जागी असतो आणि काळ्या पडद्याचा टायमर ०७ए० या जागी. लेव्हलच्या सुरुवातीला सेव्ह स्टेट (खेळाची त्या क्षणाची जतन केलेली स्थिती) करून ठेवावी, लेव्हल नेहमीसारखी खेळावी, आणि पाइपाने संपणाऱ्या लेव्हलमध्ये ०७ए० ला ७ हा आकडा येताच ०७७एफ मध्ये काय आहे ते टिपावे. आकडा २० च्या जवळ असेल, तर आधीचा फ्रेम रूल तुमच्या हातून जेमतेम निसटला आहे. थोडी सुधारणा केली, तर २१ फ्रेमांचा घसघशीत लाभ आहे. आकडा ० च्या जवळ असेल, तर तुम्ही शेवटच्या क्षणी पोहोचला आहात आणि पुढच्या खेपेला बारीकशी चूकही महागात पडेल. आकडा मधला, म्हणजे दहा-बारा असेल, तर तेवढ्या फ्रेम तुमच्या हाताशी मोकळ्या आहेत. झेंड्याच्या लेव्हलमध्ये हेच वाचन किल्ल्यावरचा छोटा झेंडा चढून थांबतो त्या फ्रेमला करावे. इतकी खटपट नको असेल, तर खेळाडूंनी या खेळाच्या सरावासाठी बनवलेल्या खास आवृत्त्या उपलब्ध आहेत, ज्यांत लेव्हल संपताच उरलेल्या फ्रेमांचा आकडा स्क्रीनवरच येतो; पण एकदा तरी हे हाताने मोजून पाहावे असे मी सांगेन, कारण मोजक डोळ्यांपुढे उतरताना पाहिला की नियम पुन्हा वाचावा लागत नाही.

हातात आलेल्या या आकड्यांवरून पुढची आखणी होते, आणि फ्रेम रूल जाणण्याचा खरा फायदा याच ठिकाणी आहे. समजा, एका लेव्हलमध्ये तुमच्या नेहमीच्या मार्गाने नऊ फ्रेम शिल्लक उरतात. त्या लेव्हलमध्ये एक धोक्याची उडी आहे, जी साधली तर सहा फ्रेम वाचतात आणि चुकली तर मारिओ खड्ड्यात जातो. ही उडी मारण्यात काडीचाही अर्थ नाही. शिल्लक नऊवरून पंधरावर जाईल आणि पुढची लेव्हल सुरू व्हायची तेव्हाच सुरू होईल. उलट, त्याच नऊ फ्रेम मोजून खर्च कराव्यात: शत्रूच्या अंगावरून जाण्याऐवजी थोडे उंचावरून जावे, पाइपाच्या काठावर अर्धा क्षण रेंगाळावे, उडी एक-दोन फ्रेम उशिरा घ्यावी. आठ लेव्हल सलग निर्दोष खेळायच्या असताना अशा सोडून दिलेल्या धोक्यांचे मोल फार असते.

धोका पत्करायचा तो टप्पा ओलांडता येत असेल तिथेच. याचे ठळक उदाहरण म्हणजे फ्लॅगपोल ग्लिच, म्हणजे झेंड्याच्या खांबापाशी खेळातल्या एका त्रुटीचा घेतलेला फायदा. नेहमी मारिओ झेंड्याचा खांब धरतो, झेंडा खाली येतो आणि मग तो किल्ल्याकडे चालू लागतो. खांबाच्या तळाशी जी वीट असते, तिच्यात मारिओ विशिष्ट उंचीवर आणि विशिष्ट सबपिक्सेलवर किंचित घुसला, तर झेंडा खाली येण्याचा सगळा देखावा गळतो आणि तो लगेच चालू लागतो. एवढी अवघड कसरत करून पदरात पडतो तो बहुधा एकच फ्रेम रूल. आणि तोही आधीची धाव पुरेशी चांगली झाली असेल तरच. धाव ढिसाळ झाली असेल, तर ग्लिच साधूनही लेव्हल जुन्याच टप्प्यात जाऊन पडते. म्हणून १-१ चा सराव करताना शेवटची उडी स्वतंत्रपणे घोटवून भागत नाही. पहिल्या पाइपापासून शेवटच्या पायऱ्यांपर्यंतची धाव आणि ती उडी हे एकच काम मानून घोटवावे लागते. ८-२ मध्ये तर साध्या रीतीने हे साधत नाही आणि बुलेट बिल नावाच्या उडत्या गोळ्याची मदत घ्यावी लागते. तो गोळा केव्हा सुटेल हे पूर्णपणे खेळाडूच्या हाती नसते, त्यामुळे ८-२ पर्यंत उत्तम चाललेले कितीतरी प्रयत्न इथे येऊन संपतात.

४-२ ची गोष्ट आणखी वेगळी आहे. तिथे वॉर्प झोनकडे जाण्याचा राजमार्ग वेलीवरून चढण्याचा आहे, पण वेल उगवण्याची वाट पाहावी लागते. मारिओला स्क्रीनवरच्या त्याच्या नेहमीच्या जागेपेक्षा थोडे पुढे सरकवून एका पाइपात शिरले, तर खेळाला नव्या मुक्कामाची नोंद घ्यायला उशीर होतो आणि नाण्यांच्या खोलीऐवजी तो मारिओला थेट वॉर्प झोनमध्ये सोडतो. मात्र पुढे सरकवायचे म्हणजे विटांना अडखळत जायचे, आणि प्रत्येक अडखळण्यात वेग जातो. किती अडखळायचे, कुठे अडखळायचे, आणि त्यातून हवा तो फ्रेम रूल निघतो की नाही, याचा शोध खेळाडू वर्षानुवर्षे घेत आले आहेत. या एका लेव्हलसाठी जेवढे मार्ग शोधले गेले, तेवढे बाकीच्या सहांसाठी मिळून तरी शोधले गेले असतील का, अशी शंका येते.

८-४ आणि विक्रमांचे वाचन

८-४ मध्ये वरचे सगळे शहाणपण बाजूला ठेवावे लागते. इथे सवड नाही. प्रत्येक फ्रेम थेट अंतिम वेळेत मिळवली जाते. पाइपात शिरताना गमावलेल्या दोन फ्रेम, भिंतीला आपटून गेलेल्या चार, पाण्याच्या भागात वाकडे पोहल्याने गेलेल्या तीन या सगळ्यांची सरळ बेरीज होते. सात लेव्हल टप्प्यांच्या हिशोबाने खेळून आल्यावर आठव्या लेव्हलमध्ये मनाची घडी बदलणे सोपे नसते. म्हणून ८-४ चा सराव वेगळा ठेवावा आणि तिथले लक्ष्य सेकंदांत न ठरवता फ्रेमांत ठरवावे.

हा भेद कळला, की दोन विक्रमांमधला फरक वाचता येऊ लागतो. पद्धत अशी: फरक सेकंदांत काढावा, ६०.०९८८ ने गुणून फ्रेम कराव्यात आणि २१ ने भागावे. भागाकार पूर्ण आला, तर फरक निव्वळ फ्रेम रूलचा असण्याची दाट शक्यता आहे. बाकी उरली, तर ती ८-४ मधून आलेली असते, कारण दुसरीकडून तिला यायला वाटच नाही. डार्बियन या नावाने खेळणाऱ्या खेळाडूने २०१६ मध्ये ४ मिनिटे ५६.८७८ सेकंदांचा वेळ नोंदवला. निफ्टस्की या नावाच्या खेळाडूने ७ एप्रिल २०२१ रोजी ४ मिनिटे ५४.९४८ सेकंदांत खेळ संपवून ४:५५ चा उंबरठा प्रथमच ओलांडला. या दोहोंतला फरक १.९३० सेकंद, म्हणजे ११६ फ्रेम. २१ ने भागले की पाच येतात आणि ११ उरतात. याचा एक अर्थ असा, की पाच फ्रेम रूल वाचले आणि ८-४ मध्ये ११ फ्रेम सुधारल्या. दुसरा असा, की सहा फ्रेम रूल वाचले आणि ८-४ मध्ये १० फ्रेम उलट जास्त लागल्या. नुसत्या अंतिम आकड्यांवरून कोणता अर्थ खरा हे ठरवता येत नाही, त्यासाठी स्प्लिट पाहावे लागतात.

दुसरे उदाहरण अधिक बोलके आहे. निफ्टस्कीचाच ६ सप्टेंबर २०२३ चा वेळ ४ मिनिटे ५४.६३१ सेकंद होता. आधीच्या ५४.९४८ पासून हा फरक ०.३१७ सेकंदांचा, म्हणजे १९ फ्रेमांचा. जवळजवळ अडीच वर्षांची सुधारणा एका फ्रेम रूलपेक्षाही दोन फ्रेमांनी कमी भरते! प्रेक्षकाला हा फरक दिसणे अशक्य आहे. पण बाकीच्या सात लेव्हलांमध्ये घासून घासून काढण्यासारखे काही राहत नाही आणि उरलेली प्रत्येक गोष्ट एकतर अख्खी एकवीस फ्रेमांची असते किंवा ८-४ मधली एकेक फ्रेम असते, हे ज्याला ठाऊक आहे, त्याला १९ हा आकडा छोटा वाटणार नाही.

इतर आवृत्त्या, इतर प्रकार

फ्रेम रूल हा सगळ्या मारिओ खेळांचा गुण नाही. १९८६ मध्ये जपानमध्ये आलेला आणि पुढे ‘द लॉस्ट लेव्हल्स’ या नावाने ओळखला गेलेला खेळ याच सांगाड्यावर बांधलेला असल्यामुळे त्यात तो आढळतो. पुढच्या खेळांबद्दल मात्र असे गृहीत धरू नये आणि ज्या खेळाचा सराव करायचा त्याचा हिशोब स्वतंत्रपणे पाहावा.

यंत्राचाही विचार करावा. १९९० च्या दशकात महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत ‘टीव्ही गेम’ म्हणून जी यंत्रे आली, ती निन्टेंडोच्या यंत्राची नक्कल होती आणि आपल्याकडच्या पाल पद्धतीच्या टीव्हीवर चालण्यासाठी बनवलेली होती. ६० फ्रेमांसाठी लिहिलेला हाच खेळ सेकंदाला ५० फ्रेमांच्या गतीने चालवला, तर २१ फ्रेमांचा टप्पा ०.४२ सेकंदांचा होतो आणि एकूण खेळही मंदावतो. युरोपसाठीच्या अधिकृत आवृत्तीत निन्टेंडोने वेगाचे आणि टायमरांचे आकडेच बदलले, म्हणून तिथला हिशोब पुन्हा निराळा. माळ्यावरचे जुने यंत्र काढून हौसेने खेळायला काहीच हरकत नाही, पण या लेखातले आकडे त्यावर पडताळायला जाऊ नये. त्यासाठी अमेरिका-जपानची ६० फ्रेमांची एनटीएससी आवृत्ती आणि तीच गती ठेवणारा इम्युलेटर घ्यावा.

वॉर्प न वापरता सगळ्या ३२ लेव्हल खेळण्याचा जो प्रकार आहे, त्यात फ्रेम रूलचे राज्य अधिकच विस्तारते. १-४ पासून ७-४ पर्यंतचे किल्लेही कुऱ्हाडीनेच संपतात, पण तिथे घड्याळ थांबत नाही. मारिओ चालत किल्ल्यात कैद असलेल्या टोड या पात्रापर्यंत जातो, निरोपाचा मजकूर उमटतो, आणि पुढच्या वर्ल्डकडे नेणारा टायमर दुसऱ्या गटातलाच असतो. त्यामुळे किल्ल्यांचीही सवड वरच्याच रीतीने मोजावी. एनी पर्सेंटहून आलेले खेळाडू सवयीने प्रत्येक किल्ल्यात ८-४ सारखे एकेका फ्रेमसाठी झुंजतात; त्यांनी सातही किल्ल्यांच्या शेवटी ०७७एफ मधला आकडा आधी टिपून घ्यावा आणि मगच कोणत्या किल्ल्यात पुलावरच्या बाउझर या खलनायकाच्या किती जवळून जायचे ते ठरवावे.